मामेभावासाठी युद्धाची पुस्तकं

आपण आयटीवाले दिवसभर युद्धाचेच शब्द वापरत असतो. प्रॉडक्शनवर काही फुटलं की 'वॉर रूम' उघडते. रिलीज असलं की 'डिप्लॉयमेंट'. 'फ्रंटलाइन', 'बॅटल-टेस्टेड', 'टार्गेट' हे तीन शब्द उच्चारल्याशिवाय मॅनेजर लोकांचा कॉल संपत नाही. आणि 'डेडलाइन'? हा शब्द तर थेट अमेरिकन यादवी युद्धातल्या कैद्यांच्या छावणीतून आलाय. जॉर्जियातल्या अँडरसनव्हिलच्या छावणीत १८६४ साली कुंपणाच्या आत एक हद्द आखलेली असायची. कैद्याने ती ओलांडली की पहारेकऱ्याने गोळी घालायची, विचारपूस वगैरे काही नाही. शुक्रवारी संध्याकाळी क्लायंटची मेल येते ती डेडलाइन त्या मानाने फारच प्रेमळ म्हणायची.

मराठीही काही मागे नाही म्हणा. परीक्षेत 'पानिपत' होतं, कामाची 'मोहीम फत्ते' होते, आणि भरवसा उडाला की आपला विश्वास पानिपतात गेलेला असतो.

शब्द असे सहज तोंडात येतात, पण ज्या गोष्टीतून ते आले ती आपल्यापैकी बहुतेकांनी फक्त सिनेमात नाहीतर गेममध्ये पाहिलेली असते. मीही त्यातलाच. एनसीसीच्या कॅम्पपलीकडे माझा आणि सैन्याचा संबंध नाही. पण इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षी, एम-थ्रीच्या पेपरच्या आदल्या आठवड्यात (असले नाद नेमके तेव्हाच लागतात), लायब्ररीत युद्धावरचं एक जाडजूड पुस्तक हाताला लागलं आणि तेव्हापासून हे वाचन काही सुटलेलं नाही. लोकांच्या यावर दोन ठरलेल्या प्रतिक्रिया असतात. एक, "तुला एवढी मारामारी कशी काय आवडते रे?" आणि दुसरी, "हो हो, मॅनेजमेंटला फार उपयोग होतो, सुन त्झू वाचलास का?" दोन्हीला मी हसून मान डोलावतो. वाद घालायला वीकेंड पुरायचा नाही.

पण या वर्षी पहिल्यांदाच कुणीतरी मला या वाचनाबद्दल खरोखर काही विचारलं. आणि एकाच पुस्तकांसाठी दोघांनी, अगदी उलट कारणांनी.

माझा मामेभाऊ बावीस वर्षांचा आहे. मेकॅनिकल केलं, कॅम्पसला बसला नाही, सीडीएस दिली. ती पास झाला, मग एसएसबीतूनही निघाला. अकादमीत रुजू व्हायला तीनेक महिने होते तेव्हा त्याचा फोन आला. "दादा, तू ते लढायांचं वाचतोस ना? मला चार-पाच नावं पाठव. तिथे गेल्यावर वेळ मिळेल असं वाटत नाही."

दुसऱ्या दिवशी दुपारी मामीचा फोन. मामा घरी नसताना केलेला, हे आवाजावरूनच कळत होतं. "त्याला पुस्तकं देणारेस म्हणे. दे. पण अशी दे बाबा की वाचून त्याचं मन फिरेल. आमचं ऐकत नाही, तुझं ऐकतो."

आता काय करणार? मामीने लहानपणी मे महिन्याच्या सुट्टीत मला महिना-महिना सांभाळलंय. तिला नाही कसं म्हणायचं? आणि त्याने विश्वासाने विचारलंय, त्याला मुद्दाम घाबरवणारी पुस्तकं द्यायची तर ती फसवणूक. विजयाच्या, छाती फुगवणाऱ्या गोष्टी तेवढ्या द्यायच्या तर ती आणखी मोठी फसवणूक.

आजोळच्या गावात चावडीच्या भिंतीत एक संगमरवरी पाटी बसवलेली आहे. सातारा, कोल्हापूर, रत्नागिरीकडच्या बऱ्याच गावांत अशी दिसते. पहिल्या महायुद्धात, म्हणजे १९१४ ते १९१९ मध्ये या गावातून इतके लोक गेले, त्यातले इतके परत आले नाहीत, असं इंग्रजीत कोरलेलं असतं. आमच्या पाटीवर एकही नाव नाही, नुसते दोन आकडे. लहानपणी आम्ही तिला टेकून लपाछपीचं राज्य घ्यायचो. मामेभावाच्या डोक्यात सैन्याचं बी बहुधा त्या पाटीनेच पेरलं. आणि मामीच्या पोटात भीतीचा गोळा येतो तोही, मला वाटतं, त्या दुसऱ्या आकड्यामुळेच.

मग मी ठरवलं की यादी एकच करायची, आणि दोघांना तीच द्यायची. त्या दोन आकड्यांच्या मधे काय घडतं ते जी पुस्तकं प्रामाणिकपणे सांगतात, तेवढीच घ्यायची. ती यादी आज इथे देतोय. कारणांसकट, म्हणजे तुम्हालाही उपयोगी पडेल.

सुरुवात : जॉन कीगन, 'द फेस ऑफ बॅटल' (१९७६)

कीगन सँडहर्स्टच्या लष्करी अकादमीत शिकवायचा. लहानपणीच्या हाडांच्या क्षयामुळे त्याचा पाय अधू झाला होता, त्यामुळे सैन्यात जायचा प्रश्नच नव्हता. आपण कधी लढाई पाहिलेली नाही, हे तो पुस्तकाच्या सुरुवातीलाच सांगून टाकतो. आपल्यासारख्या खुर्चीतल्या वाचकाला इथेच हायसं वाटतं.

त्याचा प्रश्न साधा आहे. लढाईच्या नकाशावर बाण असतात. निळा बाण पुढे सरकला, लाल मागे हटला. त्या बाणाच्या आत जो माणूस उभा असतो त्याला काय दिसतं, काय ऐकू येतं? तो पळून का जात नाही? उत्तरासाठी तो तीन लढाया घेतो : १४१५ ची अ‍ॅजिनकोर्ट, १८१५ ची वॉटर्लू आणि १९१६ ची सोम. तिन्ही वायव्य युरोपातल्या, एकमेकींपासून फार लांब नसलेल्या. आणि मग तो अक्षरशः यंत्र उघडून बघितल्यासारखा एकेक भाग बघत जातो. घोडदळ पायदळावर धडकतं म्हणजे नेमकं काय होतं? घोडा हा काही वेडा प्राणी नाही, समोर माणसांची घट्ट भिंत दिसली की तो त्यात घुसत नाही, वळतो. चिखलात, चिलखत घालून, मागून आपल्याच लोकांची रेटारेटी असताना हात वर करायला तरी जागा उरते का?

सोमच्या प्रकरणात १ जुलै १९१६ चा दिवस आहे. आठवडाभर तोफांचा भडिमार करून झाला होता. आता जर्मन खंदकांत कुणी उरलंच नसेल, काटेरी तारा तुटल्या असतील, हे गृहीत होतं. तारा बऱ्याच ठिकाणी तशाच राहिल्या. जर्मन सैनिक खोल भुयारांत बसून होते. तोफा थांबताच ते मशीनगन घेऊन वर आले. त्या एका दिवसात ब्रिटिश सैन्याची ५७ हजारांवर हानी झाली, त्यातले १९ हजारांहून जास्त मृत. टेस्टिंग न करता गृहीत धरलेल्या एका वाक्याची किंमत.

एकच युद्ध, वरून आणि खालून

दुसरं आणि तिसरं पुस्तक मी कायम जोडीने देतो. दोन्ही ब्रह्मदेशातल्या लढाईवर आहेत.

फील्ड मार्शल विल्यम स्लिमचं 'डिफीट इन्टू व्हिक्टरी' १९५६ साली आलं. सेनापतींची आत्मचरित्रं बहुतेक वेळा 'मी बरोबर होतो, बाकीचे चुकले' या एका वाक्याची सहाशे पानं असतात. स्लिमचं तसं नाही. १९४२ मध्ये जपान्यांनी त्याच्या सैन्याला ब्रह्मदेशातून पार भारताच्या सीमेपर्यंत रेटलं, शेकडो मैलांची माघार. ती तो तपशीलवार सांगतो, आणि आपण कुठे कमी पडलो तेही. पुढे १९४४ मध्ये कोहिमावर जपानी किती ताकदीने येतील याचा त्याचा अंदाज चुकला होता. त्या जंगलातून एखादी रेजिमेंट येऊ शकेल असं त्याला वाटलं, आली अख्खी डिव्हिजन. हे तो स्वतः लिहितो, कुणी खोदून काढलेलं नाही.

पण मला या पुस्तकात सगळ्यात आवडतो तो आजारपणाचा भाग. हसू नका. १९४३ मध्ये त्याच्या सैन्यात दर एका जखमी माणसामागे १२० आजारी माणसं मागे पाठवावी लागत होती. मलेरिया, हगवण, जंगलातले ताप. म्हणजे शत्रूने गोळी झाडायच्या आधीच सैन्य संपत होतं. मेपाक्रिनच्या गोळ्या होत्या, पण सैनिक त्या घेत नव्हते. स्लिमने काय केलं? अचानक तपासण्या सुरू केल्या. अख्ख्या तुकडीची तपासणी करायची, आणि ९५ टक्क्यांपेक्षा कमी लोकांनी गोळी घेतलेली निघाली तर त्या तुकडीच्या कमांडिंग ऑफिसरला घरी पाठवायचं. शिपायाला शिक्षा नाही, साहेबाला. तीनच अधिकारी काढावे लागले, बाकीच्यांना संदेश पोचला. तसंच पॅराशूटचं. रसद विमानातून टाकायची तर पॅराशूट पुरेनात, तेव्हा कलकत्त्याच्या तागाची पॅराशूटं बनवून घेतली, नेहमीच्या पॅराशूटच्या साधारण विसाव्या हिश्शाच्या किमतीत. सामान टाकायला तेवढं पुरे. हे वाचताना कुठल्याही इंजिनिअरचं मन भरून येतं.

आणि हो, हे युद्ध आपलंही होतं. स्लिमच्या चौदाव्या सैन्यात बहुसंख्य भारतीय होते. मार्च १९४४ मध्ये मणिपूरच्या सांगशाकला पॅराशूट ब्रिगेडच्या बरोबरीने मराठा लाइट इन्फंट्रीची चौथी बटालियन लढली आणि जपान्यांची वाट मोलाचे काही दिवस अडवून धरली. शाळेत आपल्याला यातलं काहीच शिकवत नाहीत.

याच युद्धात एकोणीस वर्षांचा एक पोरगा साधा सैनिक होता. जॉर्ज मॅकडोनल्ड फ्रेझर. पुढे 'फ्लॅशमन' कादंबऱ्या लिहून तो प्रसिद्ध झाला. 'क्वार्टर्ड सेफ आउट हिअर' हे त्याचं पुस्तक युद्धानंतर जवळजवळ पन्नास वर्षांनी, १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला आलं. स्लिमच्या नकाशावरच्या बाणातला हा एक ठिपका. याला मोहिमेचं काही कळत नाही. याचं जग म्हणजे दहा माणसांचा सेक्शन, बहुतेक जण इंग्लंडच्या उत्तरेकडच्या कंबरलंडचे, आपल्या खास बोलीत एकमेकांना शिव्या देणारे, चहासाठी जीव टाकणारे. वाचताना तुम्ही खो-खो हसता. मग एक जण मारला जातो. कुणी भाषण करत नाही, कुणी रडत नाही. त्याचं सामान मधे ठेवतात आणि बाकीचे ते वाटून घेतात. पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला ते कोरडं वाटलं होतं. पुन्हा वाचल्यावर कळलं की त्यांची दुखवट्याची रीतच ती.

फ्रेझरची काही मतं आजच्या वाचकाला टोचतील. जपान्यांबद्दल तो जसं बोलतो ते ऐकून घेणं सोपं नाही. पण तो मऊ करून सांगत नाही, म्हणूनच विश्वास बसतो. मामेभावाला मी सांगितलं, आधी स्लिमची पन्नास पानं, मग फ्रेझर पूर्ण, मग परत स्लिम. अधिकारी होणाऱ्याने बाणाच्या आत कोण उभं असतं ते आधी वाचावं.

या जोडीला तिसरं एक हवं असेल तर युजीन स्लेजचं 'विथ द ओल्ड ब्रीड' (१९८१). पॅसिफिकमधलं पेलेलिऊ बेट तीन-चार दिवसांत घेऊ असं वरिष्ठ म्हणाले होते, दोन महिन्यांवर लागले. स्लेज खिशातल्या बायबलमध्ये चोरून टिपणं ठेवायचा. युद्धानंतर तो जीवशास्त्राचा प्राध्यापक झाला, आणि शिकारीची आवड असलेल्या या माणसाने शिकार सोडून दिली. हे पुस्तक रात्री झोपायच्या आधी वाचू नका.

लॉग वाचणारे : 'शॅटर्ड स्वोर्ड' (२००५)

हे खास आपल्या जमातीसाठी. जोनाथन पार्शल आणि अँथनी टली या दोघांनी लिहिलेलं. दोघंही पेशाने इतिहासकार नव्हते, पार्शल तर चक्क सॉफ्टवेअर क्षेत्रातला. विषय आहे ४ जून १९४२ ची मिडवेची लढाई. जपानी विमानवाहू जहाजांच्या डेकवर विमानं सज्ज उभी होती, आणखी पाच मिनिटं मिळाली असती तर ती उडाली असती, पण नेमके तेव्हाच अमेरिकन डाइव्ह-बॉम्बर वरून आले, ही गोष्ट जगभर पन्नास वर्षं सांगितली गेली. तिचा उगम मित्सुओ फुचिदा या जपानी अधिकाऱ्याच्या पुस्तकात.

या दोघांनी काय केलं? जपानी जहाजांच्या विमानपथकांच्या नोंदी काढल्या. कुठलं विमान किती वाजता उडालं, किती वाजता उतरलं. विमान हँगरमधून लिफ्टने वर आणून रांगेत लावायला किती मिनिटं लागतात त्याचा हिशेब केला. आणि दिसलं की ती सज्ज विमानं डेकवर असणं शक्यच नव्हतं; ती खाली हँगरमध्येच होती. वर जी ये-जा चालू होती ती मुख्यतः संरक्षणाला उडणाऱ्या फायटर विमानांची. गंमत म्हणजे जपानच्या अधिकृत इतिहासात हे कधीचं नोंदलेलं होतं. इंग्रजीत कुणी वाचलंच नव्हतं! एका प्रतिष्ठित माणसाने छान गोष्ट सांगितली की लॉग कुणी उघडत नाही, हे काय फक्त नौदलातच होतं का?

जवळचं दुखणं : 'हिमालयन ब्लंडर' (१९६९)

ब्रिगेडियर जॉन दळवी. १९६२ मध्ये नामका चू नदीच्या काठी सातव्या ब्रिगेडचे कमांडर. समोरच्या उंच थागला कड्यावर चिनी सैन्य, आणि दिल्लीचा हुकूम की त्यांना तिथून हुसकून लावा. ब्रिगेडकडे हिमालयातल्या थंडीत सुती गणवेश, तुटपुंजा दारूगोळा, आणि विमानातून टाकलेली रसद बरीचशी दरीत जाऊन पडलेली. २० ऑक्टोबरच्या पहाटे हल्ला झाला आणि काही तासांत ब्रिगेड उद्ध्वस्त झाली. दळवी दोन दिवसांनी पकडले गेले, १९६३ च्या मे महिन्यात सुटून आले, आणि त्यांनी हे पुस्तक लिहिलं.

रागाने लिहिलंय, आणि तो राग पानापानावर दिसतो. म्हणून हे एकट्याने वाचू नये. ज्यांच्यावर त्यांचा मुख्य रोख आहे त्या जनरल कौल यांचंही 'द अनटोल्ड स्टोरी' नावाचं पुस्तक १९६७ मध्ये आलं होतं, तेही चाळावं. मराठीत मेजर जनरल शशिकांत पित्रे यांचं 'न सांगण्याजोगी गोष्ट' आहे, शांतपणे, नकाशे समोर ठेवून त्या पराभवाची सगळी साखळी सांगणारं. पराभवाची चौकशी करणारा हेंडरसन ब्रुक्स-भगत अहवाल १९६३ मध्येच तयार झाला होता. त्यातला काही भाग २०१४ मध्ये नेव्हिल मॅक्सवेल या पत्रकाराने उघड केला. सरकारने स्वतःहून मात्र अर्धशतक उलटलं तरी तो प्रसिद्ध केला नव्हता. आपल्याकडे सर्व्हर दोन तास बंद पडला तर सोमवारपर्यंत आरसीए द्यावा लागतो.

हे पुस्तक वाचून मामेभावाचा रात्री अकरा वाजता फोन आला. "दादा, वरून आलेली ऑर्डर चुकीची आहे हे दिसत असेल, तर खालच्याने काय करायचं?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. मला जास्तीत जास्त एस्कलेशन मेल लिहिता येते, तिथे माणसं मरत नाहीत. मी एवढंच म्हणालो की दळवी वारंवार वर सांगत होते, आणि शेवटी आपल्या माणसांबरोबर तिथेच राहिले. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, "पुढचं पुस्तक कुठलं?"

मराठीतली दोन

त्र्यं. शं. शेजवलकरांचं पानिपतावरचं पुस्तक. इंग्रजीत १९४६ ला आलं, मराठीतही आहे. पानिपत म्हटलं की आपल्याला भाऊ, विश्वासराव, आणि १४ जानेवारी १७६१ हा दिवस एवढंच आठवतं. शेजवलकर त्याआधीच्या अडीच महिन्यांकडे बघायला लावतात. अब्दाली यमुना ओलांडून मधे आला, मराठ्यांची दिल्लीकडची वाट तुटली. छावणीत लढणाऱ्यांबरोबर बुणगे, यात्रेकरू, बायका-मुलं. रसद आणू पाहणारे गोविंदपंत बुंदेले डिसेंबरात मारले गेले. उपासमार सुरू झाली. त्या सकाळी जे सैन्य बाहेर पडलं ते आधीच भुकेने अर्धमेलं होतं. स्लिमच्या औषधाच्या गोळ्या आणि पानिपतातले रिकामे कोठार एकाच आठवड्यात वाचा, मग 'शौर्य' या शब्दाआधी 'पुरवठा' हा शब्द आठवायला लागतो.

दुसरं, विष्णुभट गोडसे यांचं 'माझा प्रवास'. पेणजवळच्या वरसईचे हे भिक्षुक. घरात कर्ज. उत्तरेत बायजाबाई शिंदे मोठा यज्ञ करणार, दक्षिणा चांगली मिळेल, म्हणून काकांबरोबर निघाले. साल १८५७! पुढे ते झाशीत अडकले, आणि १८५८ च्या मार्च-एप्रिलमध्ये ह्यू रोजने शहराला घातलेला वेढा, त्यानंतरची कत्तल आणि लूट हे सगळं त्यांनी आतून पाहिलं. कुठल्याही बाजूने न लढणारा, जीव मुठीत धरून लपलेला माणूस युद्ध कसं बघतो याचं याहून सरळ वर्णन मी वाचलेलं नाही. काल्पीच्या वाटेवर विहिरीपाशी धुळीने माखलेली, तहानलेली राणी त्यांना भेटते तो प्रसंग तर सोडूच नका. पुस्तक छापून आलं १९०७ मध्ये, चिंतामणराव वैद्यांनी संपादित केलेलं; पुढे द. वा. पोतदारांनी मूळ हस्तलिखितावरून आवृत्ती काढली. मिळाली तर ती घ्या.

हे मामीने वाचलं. चार दिवसांत. म्हणाली, "बिचारा दक्षिणेसाठी गेला होता रे. लढाई काय फक्त सैनिकांच्या मागे लागते होय?" या एका पुस्तकाने तिचं समाधान झालं असं मी म्हणणार नाही, पण तेव्हापासून फोनवर ती माझ्याशी पुस्तकांबद्दल बोलायला लागली.

शेवटचं : स्वेतलाना अलेक्सिएविच

'द अनवुमनली फेस ऑफ वॉर', मूळ रशियन पुस्तक १९८५ चं. लेखिकेला २०१५ चं नोबेल मिळालं. दुसऱ्या महायुद्धात सोव्हिएत सैन्यात आठ ते दहा लाख बायका होत्या. स्नायपर, रणगाड्यावरच्या, डॉक्टर, धोबिणी. अलेक्सिएविच शेकडो जणींना भेटली आणि त्यांना बोलू दिलं. काही बायका म्हणतात की युद्धानंतर आम्ही पदकं लपवून ठेवली, कारण लोक भलतंसलतं बोलायचे. एका बाईला तर नवऱ्याने आदल्या रात्री युद्धाच्या इतिहासाचं पुस्तक घेऊन शिकवणी दिली होती, हिने उगाच बायकी किरकोळ गोष्टी सांगू नयेत म्हणून. आणि त्या 'किरकोळ' गोष्टी म्हणजेच हे पुस्तक. पायात न बसणारे पुरुषी बूट, कापलेल्या वेण्या, आईने निरोप देताना काय केलं.

हे इंग्रजीत आहे, म्हणून मामीसाठी मी रविवारी फोनवर थोडं थोडं मराठीत सांगितलं. ती मधेच "थांब, कुकर बंद करून येते" म्हणायची आणि परत यायची.

तर, मन फिरलं का? नाही फिरलं. तो गेल्या महिन्यात रुजू झाला. मात्र आधी 'जोश' वगैरे शब्द फार वापरायचा, ते कमी झालेत. जायच्या आदल्या दिवशी मी गावी गेलो होतो. तो बॅगेत पुस्तकं भरत होता. दोनच नेता येतील म्हणाला आणि त्याने फ्रेझर आणि दळवी उचलले. मामी दारात उभी राहून बघत होती. मला वाटलं आता ती मला बोलणार, तुला काय सांगितलं होतं आणि तू काय केलंस म्हणून. तिने एवढंच विचारलं, "त्या बासष्टच्या पोरांसारखं नाही ना करणार याला? बूट, स्वेटर सगळं नीट देतात ना आता?"

"देतात गं मामी," मी म्हणालो. मग तिनं स्वतः विणलेले लोकरीचे मोजे त्या पुस्तकांवर ठेवले.

असो. तुम्हाला यातलं एकच वाचायचं असेल तर फ्रेझर घ्या. मराठीत हवं असेल तर गोडसे भटजी. आणि घरात कुणी सैन्यात असेल, तर दोन प्रती घ्या, एक त्याच्यासाठी, एक मागे राहणाऱ्यांसाठी.